मसालेदार शेफर्ड्स पाय, भाजलेल्या मटणाचा: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

इंग्लंडात रविवारी दुपारी मेंढीची अख्खी मांडी भाजण्याची जुनी पद्धत आहे. त्यातलं जे उरेल ते सोमवारी बारीक करून कांद्याच्या रश्शात शिजवायचं, वर कुस्करलेल्या बटाट्याचा जाड थर द्यायचा आणि पुन्हा भाजायचं. हाच शेफर्ड्स पाय. त्या रश्शाला आपला मसाला लावला की पावसाळी संध्याकाळी चमच्याने खावं असं मऊ, गरम आणि पोटभर जेवण होतं. हा पदार्थ मी आवडीने करते आणि खायला येणारे हटकून कृती विचारतात. त्यांच्या प्रश्नांची उत्तरं इथे एकत्र केली आहेत. प्रमाण सहा जणांचं आहे.

सरळ खिमा घेतला तर काय बिघडतं? मटण भाजायचा खटाटोप कशासाठी?

खिम्याचाही छान होतो. ब्रिटनमध्येही आता बहुतेक घरी खिमाच वापरतात. १८७० च्या दशकात मांस दळायची यंत्रं आली आणि हळूहळू भाजलेल्या मांसाची जागा खिम्याने घेतली. पण मूळ पदार्थाची चव भाजलेल्या मांसात आहे, असं माझं ठाम मत आहे. मटण तीन-साडेतीन तास मंद आचेवर भाजलं की त्यातले चिवट पडदे विरघळून जिलेटिन होतं. रश्शाला ओठाला किंचित चिकटणारा जो दाटपणा येतो तो त्यामुळेच. शिवाय वरून खरपूस झालेल्या भागाची चव खिम्यात कधीच येत नाही, कारण खिमा कढईत पडला की आधी पाणी सोडतो आणि त्याच पाण्यात शिजतो.

आणखी एक गोष्ट म्हणजे दाताखाली येणारा धागा. वर इतका मऊ बटाटा असताना खाली काहीतरी चावायला हवं.

मटण कुठलं आणि किती घ्यावं?

हाडासकट सव्वा किलो, मांडी किंवा पुढचा खांदा. मला खांदा जास्त आवडतो. त्यात चरबी आणि पडदे जास्त असतात, त्यामुळे मंद भाजल्यावर तो कोरडा पडत नाही. हाडं आणि आटलेलं पाणी वजा जाता साडेपाचशे ते सहाशे ग्रॅम मांस हाती येतं, ते पुरेसं होतं.

आपल्याकडे मटण म्हणजे बोकडाचं. त्याला चरबी कमी असते, म्हणून झाकून भाजणं भागच आहे. ब्रिटन-अमेरिकेत राहणाऱ्यांना कोवळ्या मेंढीचं मांस सहज मिळतं. ते लवकर शिजतं, पण चरबी भरपूर सोडतं, ती रस्सा करण्यापूर्वी काढून टाकावी लागते. तिथे बोकडाचं हवं असेल तर हलाल खाटकाकडे विचारा, बहुधा मिळतं.

खाटकाला एवढंच सांगायचं की तुकडे लहान करू नकोस. मांडीचे फार तर दोन-तीन मोठे तुकडे, तेही तुमच्या ओव्हनमध्ये अख्खी मावत नसेल तरच.

भाजायचं कसं?

आदल्या रात्री मटणाला सुरीच्या टोकाने खोल चिरा द्या. दीड चमचा मीठ, अर्धा चमचा हळद, दोन मोठे चमचे आलं-लसूण वाटण, एक चमचा मिरपूड आणि अर्धी वाटी घट्ट दही चिरांत भरून चोळा. झाकून फ्रिजमध्ये ठेवा. कच्ची पपई लावायची का, असं अनेकजण विचारतात. लावू नका. पपईमुळे वरचा थर पिठूळ होतो आणि आत काही पोचत नाही. एवढा वेळ भाजल्यावर तिची गरजही राहत नाही.

दुसऱ्या दिवशी मटण तासभर आधी बाहेर काढा. भाजायच्या खोलगट ट्रेमध्ये जाड चिरलेला कांदा, दोन तमालपत्रं, एक मसाला वेलची आणि दालचिनीचा बोटभर तुकडा पसरा. त्यावर मटण ठेवा, कडेने एक कप पाणी ओता, फॉइलने गच्च बंद करा. ओव्हन १६० अंश सेल्सिअसवर तापवून तीन ते साडेतीन तास भाजा. पंख्याचा ओव्हन असेल तर १४० पुरे. अधूनमधून उघडून बघायचा मोह आवरा, फक्त दोन तासांनी एकदा ट्रेमधलं पाणी आटलं नाही ना एवढं पाहा.

झालं हे ओळखायचं असं: हाड धरून हलकेच फिरवलं की ते मांसातून सुटायला हवं. अडकलं तर आणखी अर्धा तास. मांसात खुपसायचा तापमापक असेल तर आतलं तापमान ९० अंशांच्या पुढे जाऊ द्या. कमी तापमानालाही मांस शिजलेलं असतं, पण पडदे विरघळलेले नसतात आणि तेच आपल्याला विरघळवायचे आहेत.

मग फॉइल काढा, ओव्हन २०० वर न्या आणि वीस मिनिटं उघडं भाजा. वरचा दह्याचा लेप जागोजागी काळपट-तांबूस होतो, कडा कुरकुरतात. बाहेर काढून वीस मिनिटं निवू द्या. त्यानंतर दोन काट्यांनी धाग्याच्या दिशेने सोडवा. फार बारीक करू नका, बोटाच्या पेराएवढे लांबट तुकडे असू द्या. हाडांना चिकटलेलंही खरवडून घ्या, चव तिथेच जास्त असते.

ट्रेमध्ये उरलेला रस गाळून एका भांड्यात ठेवा. वर तरंगणारी चरबी चमच्याने काढा. हा रस म्हणजे अर्धा पदार्थ आहे, तो चुकूनही टाकू नका.

आमच्याकडे ओव्हन नाही. कुकरमध्ये होईल का?

मटणाचा भाग नक्की होईल. मोठे तुकडे, वरचंच वाटण आणि अगदी अर्धी वाटी पाणी घालून कुकरला पाच-सहा शिट्ट्या करा, वाफ आपोआप जिरू द्या. मग तुकडे बाहेर काढून जाड बुडाच्या लोखंडी तव्यावर चमचाभर तुपात चारी बाजूंनी खरपूस करा. हे शेवटचं काम टाळलंत तर ते उकडलेलं मटण होईल, भाजलेलं नाही.

वरचा बटाटा तांबूस करण्यासाठी मात्र वरून आच लागते. गोव्यात बेबिंका करताना झाकणावर निखारे ठेवतात, तशी सोय चुलीवर करता येत असेल तर उत्तमच. नाहीतर तेच मटण आणि तोच बटाटा घेऊन पॅटिस करा. त्याबद्दल पुढे लिहिलंय.

मसाला कुठला वापरायचा?

सगळ्यात जास्त हेच विचारतात, आणि उत्तरही एक नाही.

माझी पहिली पसंती बॉटल मसाल्याला. मुंबई, वसई, उत्तन भागातल्या ईस्ट इंडियन म्हणजे इथल्याच ख्रिस्ती समाजाच्या घरांत हा मसाला पावसाळ्याआधी उन्हाळ्यात भाजून कुटतात आणि हवा-उजेड लागू नये म्हणून गडद रंगाच्या बाटल्यांत ठासून भरतात. वेगवेगळ्या मिरच्या, धणे, तीळ, खसखस, गरम मसाले असे कितीतरी जिन्नस त्यात असतात आणि प्रत्येक घराची यादी वेगळी असते. भाजलेल्या मांसाशी या मसाल्याचं जुनं जमतं. तो तिखट असतो, पण उग्र नसतो, आणि लोण्या-दुधाच्या बटाट्याखाली दबतही नाही. या प्रमाणाला दीड मोठा चमचा पुरतो.

कोल्हापुरी कांदा-लसूण मसाला असेल तर एकच मोठा चमचा घ्या आणि वाटणातला लसूण कमी करा. मालवणी मसाला चालतो, त्यातल्या बडीशेपेचा गोडसर वास गाजराबरोबर छान लागतो. गोडा मसाला मी मुख्य मसाला म्हणून घालत नाही. त्यातलं खोबरं आणि तीळ तेलात जास्त वेळ राहिले की कडवट होतात. मात्र शेवटी अर्धा चमचा भुरभुरला तर दगडफुलाचा जो वास सुटतो तो भाजलेल्या मटणाला शोभतो.

काहीच नसेल तर एक मोठा चमचा धणेपूड, एक चमचा काश्मिरी तिखट, अर्धा चमचा जिरेपूड, अर्धा चमचा गरम मसाला. एवढ्यावर भागतं.

एक पथ्य पाळाच: मसाले एकमेकांत मिसळू नका. मालवणी थोडा, कोल्हापुरी थोडा, वर पाकिटातला मीट मसाला, असं केलं की कुठलाच मसाला ओळखू येत नाही.

रस्सा कसा आणि किती दाट?

दोन मोठे चमचे तेलात तीन मध्यम कांदे बारीक चिरून घाला. इथे घाई नको, मध्यम आचेवर वीस मिनिटं लागतातच. आधी कांदा पारदर्शक होतो, मग मऊ पडून आकसतो, कडा पिवळसर दिसू लागतात. त्यानंतर बुडाला तांबूस डाग धरायला लागतो. तो डाग चमचाभर पाण्याने सोडवून पुन्हा कांद्यात मिसळा. असं दोन-तीनदा झालं की कांद्याचा रंग गुळासारखा होतो. आता आलं-लसूण वाटण एक चमचा, दोन बारीक चिरलेली गाजरं, मग मसाला. मसाला पडताच आच कमी करा आणि मिनिटभरच परता. लगेच दोन टोमॅटो किसून घाला आणि तेल सुटेपर्यंत शिजवा. एक चमचा कणीक भुरभुरून परता, तिचा कच्चेपणा जाऊ द्या. मग ट्रेमधला रस घाला. तो कमी भरला तर गरम पाणी मिळवून दीड कप करा. अर्धी वाटी मटार, सोडवलेलं मटण, दोन आमसुलं घालून दहा मिनिटं मंद उकळा. मीठ सगळ्यात शेवटी चाखून, कारण मटणात आणि रसात ते आधीच आहे.

रस्सा अंगाबरोबर हवा. कढईच्या बुडावरून चमचा ओढला की वाट पडावी आणि ती क्षणभराने मिटावी. वाट पडलीच नाही तर आणखी आटवा. अजिबात मिटली नाही तर दोन चमचे गरम पाणी घाला, कारण ओव्हनमध्ये तो आणखी आटणार आहे.

तमालपत्रं, वेलची, दालचिनी आणि आमसुलं मोजून बाहेर काढा. बटाट्याच्या घासात अख्खी मसाला वेलची आली तर खाणाऱ्याचा रसभंग होतो.

इंग्रजी कृतींत वूस्टर सॉस असतो. तो नको का?

घालायचा तर एक चमचा घाला, छानच लागतो. हा सॉस १८३७ पासून बाजारात आहे आणि मूळ कृतीत चिंच असते, त्यामुळे आपल्या मसाल्याशी त्याचं भांडण नाही. त्यात खारवलेले मासेही असतात, न चालणाऱ्यांनी लेबल वाचून घ्यावा. घातलात तर आमसूल एकच ठेवा. आंबटपणा कुठून तरी यायला हवा एवढं खरं. लोणी, चरबी आणि बटाटा यांच्यामध्ये आंबट काही नसेल तर चौथ्या घासाला जड वाटू लागतं.

बटाटा कुठला? माझा चिकट, रबरासारखा होतो.

चिकट होण्याची कारणं दोन. एक, बटाट्याची जात. दुसरं, मिक्सर.

पिठूळ, कोरडा बटाटा हवा. शिजल्यावर जो फुटतो तो. भाजीवाल्याकडे जुना, जाड सालीचा, माती लागलेला बटाटा मागा. चकचकीत पातळ सालीचा नवा बटाटा रस्साभाजीला चांगला, इथे नको. चिपससाठी वाढवलेल्या ‘कुफरी चिप्सोना’ जातीत पाण्याचा अंश कमी असतो, ती मिळाली तर फार उत्तम. ब्रिटनमध्ये मॅरिस पायपर किंवा किंग एडवर्ड, अमेरिकेत रसेट घ्या.

एक किलो बटाटे सोलून मोठे सारखे तुकडे करा, मीठ घातलेल्या थंड पाण्यात टाकून मग गॅस लावा. उकळत्या पाण्यात टाकले तर बाहेरून विरघळतात आणि आत गाभा कच्चा राहतो. सुरी सहज शिरली की पाणी पूर्ण निथळा आणि तेच पातेलं दोन मिनिटं मंद आचेवर ठेवून बटाटे हलवा. पातेल्यातून वाफ निघते आणि तुकड्यांच्या कडांवर पांढरी पूड दिसू लागते, तेव्हा ते कोरडे झाले. कुकरमध्ये सालीसकट उकडलेत तरी चालेल, फक्त सोलल्यावर हे कोरडं करणं विसरू नका.

गरम असतानाच मॅशरने किंवा पुरणयंत्रातून काढा. पुरणयंत्रातून काढलेल्या बटाट्याइतका हलका बटाटा दुसऱ्या कशानेही होत नाही. मिक्सरच्या पात्याने बटाट्याच्या पेशी फुटतात, आतला स्टार्च बाहेर येतो आणि त्याचा डिंक होतो. तो पुन्हा सुधारत नाही. कुस्करल्यावर आधी साठ ग्रॅम लोणी, मग अर्धा कप गरम दूध थोडं थोडं. मीठ, चिमूटभर जायफळ. हवं तर एका अंड्याचा पिवळा बलक, त्याने वरचा रंग सुंदर येतो.

बटाट्यातही हळद-मिरची-फोडणी घातली तर?

घालू नका. त्याची बटाटेवड्याची भाजी होते आणि खालच्या मटणाला काही बोलायला जागा उरत नाही. मसाला मटणात, बटाटा सौम्य, या फरकावरच हा पदार्थ उभा आहे. फार वाटलं तर बारीक चिरलेली कांद्याची पात घाला. चीजही मी टाळते. मुलं हट्ट धरत असतील तर वरून मूठभर किसून घाला, आत मिसळू नका.

बटाट्याचा थर खाली बुडतो. काय करू?

मटण पूर्ण गार होऊ द्या. गरम रश्शावर बटाटा टिकत नाही. साधारण २० बाय २८ सेंटीमीटरच्या, पाच सेंटीमीटर खोल भांड्यात मटण पसरा, गार झालं की बटाटा आधी कडेकडेने लावा आणि भांड्याच्या कडेला चिकटवून सील करा. मग मधला भाग भरा. उलट केलंत तर मधून दाबलेला रस्सा कडेने वर येतो. वरून काट्याने खोल रेघा ओढा. उंचवटे आधी तांबूस होतात आणि तेच सगळ्यांना हवे असतात.

२०० अंशांवर पंचवीस ते तीस मिनिटं. ओटीजी म्हणजे घरगुती छोटा विजेचा ओव्हन असेल तर दोन्ही रॉड लावा, शेवटची पाच मिनिटं फक्त वरचा. कडेच्या फटीतून रस्सा बुडबुडायला लागला आणि रेघा तांबूस झाल्या की काढा. लगेच वाढू नका, पंधरा मिनिटं थांबलं की वाढताना थर मोडत नाहीत.

याला आपला पदार्थ म्हणता येईल का?

मूळ पदार्थ ब्रिटिश बेटांतला आहे, तिथलाच राहू द्यावा. पण उरलेलं भाजलेलं मांस मसाल्यात परतायची रीत हिंदुस्थानात राहणाऱ्या इंग्रजांच्या स्वयंपाकघरांत रुजली होती. आज हॉटेलात मिळणारी जालफ्रेझी तिथूनच आली, आणि ती करणारे हात इथल्या खानसाम्यांचे होते. त्याहूनही जवळचं नातं पोटॅटो चॉप्सचं. गोव्यातल्या आणि मुंबईच्या ईस्ट इंडियन ख्रिस्ती घरांत कुस्करलेल्या बटाट्याच्या पारीत मसालेदार खिमा भरून, रव्यात घोळवून तळतात. म्हणजे बटाटा बाहेर, मटण आत, आणि मसाला इथला. ओव्हन नसलेल्यांनी हेच करावं: वरचं भाजलेलं मटण जरा बारीक करून, कोरडं आटवून पारीत भरा. दूध मात्र बटाट्यात घालू नका, पारी फाटते.

उरलेला रोस्ट किंवा विकतची भाजलेली कोंबडी चालेल?

चालेल, पदार्थाचा जन्मच त्यासाठी आहे. मांस आधीच शिजलेलं असल्याने रश्शात ते शेवटची पाच मिनिटंच घाला. ट्रेमधला रस नसणार, म्हणून कोंबडीच्या हाडांचं पाणी तासभर उकळून घ्या. कोंबडीला मसाला एक चमचाच. छातीचं मांस कोरडं पडतं, तंगडीचं वापरा.

घरात दोघं शाकाहारी आहेत.

त्यांच्यासाठी वेगळं लहान भांडं करा. कच्च्या फणसाचे उकडलेले गरे तेल-मसाला लावून ओव्हनमध्ये खरपूस भाजा, बाकी सगळं तेच, फक्त मटणाच्या रसाऐवजी गरम पाणी घाला आणि वूस्टर सॉस टाळा. त्यात मूठभर शिजलेले अख्खे मसूर घातले की दाटपणा येतो. बटाट्यात अंडं नको.

आदल्या दिवशी करून ठेवता येतो? आमच्याकडे शनिवार पाळतात आणि पाहुणे रविवारी दुपारी येतात.

मटण शुक्रवारी भाजून, सोडवून रसासकट फ्रिजमध्ये ठेवा. शनिवारी ते तसंच राहील, रविवारी सकाळी रस्सा आणि बटाटा करा. शनिवार नसेल तर सगळे थर लावून भांडं आदल्या रात्रीच फ्रिजमध्ये ठेवता येतं, मग भाजायला दहा-पंधरा मिनिटं जास्त लागतात. काळजी एकाच गोष्टीची घ्या. शिजलेलं मटण दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये जायला हवं. मोठं पातेलं रात्रभर ओट्यावर निवत ठेवू नका, दाट रश्शात मधला भाग तासन्‌तास कोमट राहतो आणि जंतूंना तेच हवं असतं. पसरट भांड्यात काढलं की लवकर गार होतं.

सोबत काय द्यावं?

पुदिन्याची हिरवी चटणी. इंग्लंडातही भाजलेल्या मेंढीबरोबर पुदिन्याचा आंबट-गोड सॉस घेतात, तेव्हा ती अगदी जागच्या जागी बसते. काकडीची दही न घातलेली, लिंबू पिळलेली कोशिंबीर आणि चिरलेला कांदा. सोलकढीही चालते. भाकरी-पोळी नको, बटाटा असताना ताट उगाच जड होतं. रस्सा पुसायला एखादा पाव पुरे.

उरलेला दुसऱ्या दिवशी गरम कसा करू?

मायक्रोवेव्हमध्ये कडा तापतात आणि मधला भाग गार राहतो, वरचा कुरकुरीतपणाही जातो. एका जणापुरता तुकडा असेल तर लोखंडी तव्यावर थोडं तूप सोडून बटाट्याची बाजू खाली ठेवा, मंद आचेवर झाकून आठ-दहा मिनिटं. आतपर्यंत वाफाळता गरम झाला पाहिजे. तव्याला लागलेली खमंग खरवड उलथन्याने काढून वरच वाढा. तीन दिवसांच्या आत संपवा आणि एकदा गरम केलेला पुन्हा गरम करू नका.